खेमा : एका नावाची कैफियत

गेल्या जून महिन्यात पाचवीच्या प्रवेशाच्या वेळी आमच्यापुढे एक लहानसा पेच उभा राहिला. एक आजी आपल्या नातीला वसतिगृहात दाखल करण्यासाठी आल्या होत्या. मुलीच्या जन्मदाखल्यावर नाव होते 'क्षेमा'. मागील शाळेच्या दाखल्यावर 'हेमा'. आणि आजी तर ठामपणे सांगत होत्या, "गुरुजी, पोरीचं नाव खेमा हाय. भन्तेजींनी वर्षावासात त्या थेरीची कथा सांगितली, तवाच मी ठरवलं हुतं." कामासाठी शहरात राहणाऱ्या मुलीच्या वडिलांशी दूरध्वनीवर बोलणे झाले. ते म्हणाले, "सर, हेमाच राहू द्या. खेमा म्हटलं की पोरं तंबू म्हणून चिडवतात."

आम्ही दाखल्यावरचे नाव प्रमाण मानले आणि जनरल रजिस्टरमध्ये 'हेमा' लिहून मोकळे झालो. नियमाने पाहता त्यात वावगे काही नव्हते. परंतु पुढचे आठ दिवस वर्गात हजेरी घेताना 'हेमा' म्हणून पुकारा झाला की उत्तर येत नसे. मुलगी समोर बसलेली असे, पण ती 'हजर' म्हणत नसे. तिला अबोल, हट्टी, कदाचित ऐकण्यात दोष असलेली असेही ठरवून झाले. नवव्या दिवशी वर्गशिक्षिकांनी 'खेमा' म्हणून हाक मारली, तेव्हा ती उभी राहिली. हा लेख आम्ही लिहीत आहोत तो बऱ्याच अंशी आमच्या त्या चुकीची कबुली म्हणून.

प्रथम शब्दाविषयी. खेमा हे नाव पालीतील 'खेम' या शब्दापासून आले आहे. त्याचे संस्कृत रूप 'क्षेम'. मुळात 'क्षि' म्हणजे राहणे, वस्ती करणे, या धातूपासून हा शब्द सिद्ध होतो. जेथे निर्धास्तपणे राहता येते ते क्षेम. पुढे त्याला सुरक्षितता, निर्भयता, स्वस्थता असे अर्थ आले. आपण पत्राच्या प्रारंभी 'क्षेमकुशल' लिहीत असू, त्यातले क्षेम हेच. मराठी संतांच्या वाणीत तर 'क्षेम' म्हणजे आलिंगन. ज्याच्या मिठीत भय उरत नाही त्याच्या मिठीला क्षेम म्हणावे, यात भाषेची केवढी समज आहे! आयुर्विमा महामंडळाच्या मुंबईतील मुख्य इमारतीचे नाव 'योगक्षेम' आहे, हे पुष्कळांनी वाचले असेल. तेथे योग म्हणजे नसलेले मिळवणे आणि क्षेम म्हणजे मिळालेले राखणे.

पालीत मात्र या जोडशब्दाला निराळे वळण मिळाले. तेथे 'योग' म्हणजे जू, बंधन. काम, भव, दृष्टी आणि अविद्या ही ती चार बंधने. त्यांपासून मुक्त होऊन लाभलेली जी निर्भय अवस्था, ती 'योगक्खेम', आणि हा निब्बाणाचाच पर्याय मानला आहे. आपल्या शाळेत सायंकाळच्या वंदनेत मंगलसुत्त म्हटलेल्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या तोंडून हा शब्द शेकडो वेळा गेलेला आहे. अडतीस मंगले मोजत गेलो तर अगदी शेवटचे मंगल खेम चित्ताचे आहे. धम्मपदातील बुद्धवग्गात शरण कोणते आणि कोणते नाही याचा विचार येतो, तेथेही कसोटीचा शब्द हाच आहे. भ्यालेली माणसे डोंगर, वने, वृक्ष यांना शरण जातात, पण ते शरण खेम नव्हे, असे तथागत सांगतात. ज्या घरात हे पाठ होते, त्या घरातल्या मुलीचे नाव परके कसे म्हणावे?

आता 'क्षेमा' या दुरुस्तीविषयी. जन्मनोंद करणाऱ्याने ती सद्भावनेनेच केली असणार. त्याला वाटले, खेडवळ उच्चार आहे, शुद्ध करून लिहू. पण येथेच आमचे म्हणणे आहे. पालीतील 'ख' हा संस्कृत 'क्ष'चा बिघाड नव्हे, तो त्या भाषेचा स्वतःचा नियम आहे. भिक्षूचा भिक्खू होतो, त्याच नियमाने क्षेमाची खेमा होते. आपली मराठीही याच वाटेने आली आहे. क्षीराची खीर झाली, क्षाराचा खार झाला, लक्षाचे लाख झाले. सुजातेने बोधिसत्त्वाला खीर दिली असे सांगताना कोणी 'क्षीर म्हणा' म्हणून अडवत नाही. मग मुलीच्या नावापाशीच शुद्धीचा आग्रह का? जी भाषा तथागतांच्या वचनांनी आपल्यापर्यंत पोचवली, तिचा शब्द अशुद्ध आणि पंडितांचा शब्द शुद्ध, ही समजूत इतकी खोल रुजली आहे की ती आपल्याच माणसांच्या लेखणीतून नकळत उतरते. विहाराच्या निमंत्रणपत्रिकेवर 'धम्म' लिहिणारे आपण, दाखल्यावर मात्र 'क्षेमा' चालवून घेतो.

थेरी खेमा कोण होत्या, हे पालकांपैकी अनेकांना ठाऊक असेल, परंतु ज्या रीतीने ठाऊक असते तिच्याविषयी आमची थोडी तक्रार आहे. त्यांचा जन्म मद्द देशातील सागल नगरीत झाला. हे सागल म्हणजे आजच्या पाकिस्तानातील सियालकोट, असे अभ्यासक मानतात. मगधराज बिंबिसाराच्या त्या राणी झाल्या. आपल्या रूपाचा त्यांना अभिमान होता आणि बुद्ध रूपाची असारता सांगतात म्हणून त्या दर्शनाला जाण्याचे टाळीत. राजाने कवींकडून वेळुवनाची स्तुतिगीते गाववून त्यांना तेथे जाण्यास प्रवृत्त केले. तेथे तथागतांच्या मागे उभी राहून वारा घालणारी एक अनुपम सुंदरी त्यांना दिसली. ती पाहता पाहता प्रौढ झाली, वृद्ध झाली, कोसळली. ही अट्ठकथेतील गोष्ट. प्रवचनांतून हीच सांगितली जाते, बालसाहित्यातही हीच येते. गोष्ट चांगली आहे. पण ती ऐकून मुलींच्या मनात एवढेच राहते की खेमा नावाची एक सुंदर राणी होती. मोबाइलवर फिरणाऱ्या 'बौद्ध मुलींची नावे' अशा याद्यांत तर खेमा म्हणजे 'सुंदर राणी' असा अर्थच देऊन टाकलेला आम्ही पाहिला आहे.

आम्हाला सांगावीशी वाटते ती दुसरी कथा. ती संयुत्त निकायात आहे. कोसलचा राजा पसेनदी साकेतहून सावत्थीला निघाला असता वाटेत तोरणवत्थु या ठिकाणी एका रात्रीच्या मुक्कामाला थांबला. त्याने सेवकाला सांगितले, येथे ज्याची संगत करावी असा कोणी श्रमण किंवा ब्राह्मण आहे का, शोधून ये. सेवकाने सारा गाव धुंडाळला. तसा एकही पुरुष मिळाला नाही. पण त्याने येऊन सांगितले की खेमा नावाची भिक्खुणी येथे आहे, ती विदुषी आहे, बहुश्रुत आहे, तिच्या वाणीची ख्याती आहे. राजा गेला, त्याने वंदन केले आणि एका बाजूला बसला. मग त्याने प्रश्न विचारला, मरणानंतर तथागत असतात काय? असतात असेही भगवंतांनी सांगितलेले नाही आणि नसतात असेही नाही, असे खेमा म्हणाल्या. राजाने कारण विचारले. तेव्हा त्यांनी उलट राजालाच विचारले, गंगेतील वाळूचे कण मोजून सांगू शकेल असा एखादा गणक तुझ्यापाशी आहे काय? महासागराचे पाणी मोजणारा आहे काय? राजा म्हणाला, नाही, कारण तो खोल आहे, अथांग आहे. ज्या रूपाने, वेदनेने, संज्ञेने तथागतांना मोजावे ती मापेच जेथे गळून पडली आहेत, तेथे 'असणे' आणि 'नसणे' हे शब्द लागू पडत नाहीत, असे खेमांनी समजावले. पुढे राजाने हाच प्रश्न खुद्द भगवंतांना विचारला आणि उत्तर अक्षरशः तेच मिळाले. राजा थक्क झाला.

अंगुत्तर निकायात महाप्रज्ञावान भिक्खुणींमध्ये खेमा अग्रस्थानी सांगितल्या आहेत. भिक्खूंना जसे सारिपुत्त आणि मोग्गल्लान, तसे भिक्खुणींना खेमा आणि उप्पलवण्णा हे प्रमाण, असेही तेथे म्हटले आहे. थेरीगाथेत त्यांच्या सहा गाथा आहेत, आणि त्यांत मोहात पाडू पाहणाऱ्या माराला त्यांनी दिलेले उत्तर आजही कोणा मुलीने पाठ करून ठेवावे असे सडेतोड आहे. आमच्या मते खेमा या नावाचा अर्थ कोणी विचारला तर तोरणवत्थुचा तो प्रसंग सांगावा. एक सम्राट एका स्त्रीपुढे खाली बसून प्रश्न विचारतो आहे, हे चित्र दहा वर्षांच्या मुलीला जितके उपयोगी पडेल तितके आरशापुढची राणी पडणार नाही.

येथे एक गोष्ट ओघाने आली म्हणून नोंदवतो. राजा मिलिंद आणि भन्ते नागसेन यांचा संवाद जेथे घडला, ती राजधानीही सागलच. बाबासाहेबांनी 1950 साली औरंगाबादेत सुरू केलेल्या महाविद्यालयाला या मिलिंदाचे नाव दिले आणि त्यानंतर आपल्या वस्त्यावस्त्यांतून मिलिंद जन्मले. आमच्या माजी विद्यार्थ्यांच्या नोंदवहीत मिलिंद मोजता येऊ नयेत इतके आहेत. त्याच नगरीची लेक असलेली खेमा मात्र आमच्या पटावर ही पहिलीच.

खेमा हे नाव आजच्या काळात एका बाईने किती अर्थपूर्णतेने धारण केले तेही पाहावे. 1923 साली बर्लिन येथे एका ज्यू कुटुंबात जन्मलेली ही मुलगी 1938 मध्ये नाझींच्या छळातून सुटण्यासाठी मुलांच्या तुकडीबरोबर स्कॉटलंडला पाठवली गेली. पुढे ती शांघायला आई-वडिलांकडे पोचली. युद्धात जपान्यांच्या छावणीत तिचे वडील मरण पावले. अनेक देश फिरून, संसार करून, 1979 साली तिने श्रीलंकेत प्रव्रज्या घेतली आणि ती अय्या खेमा झाली. 1987 मध्ये बोधगया येथे जगभरच्या भिक्खुणींची परिषद भरवण्यात तिचा पुढाकार होता. त्या परिषदेतून 'शाक्यधीता' ही संघटना उभी राहिली. जिला बालपणी कोणताच देश सुरक्षित नव्हता, तिच्या वाट्याला 'सुरक्षित' असे नाव आले.

आता मुलीच्या वडिलांच्या बाजूविषयी. ती हसण्यावारी नेण्यासारखी नाही. तंबू म्हणून चिडवणे हे एक निमित्त झाले. तो खेमा अरबी-फारसीतून हिंदीत आलेला, याचा त्याच्याशी संबंध नाही, एवढे सांगून मुले गप्प होतात, किंबहुना तंबूही निवाऱ्यालाच म्हणतात असे आम्ही वर्गात सांगितले तेव्हा मुलांना गंमतच वाटली. परंतु वडिलांशी दुसऱ्यांदा बोलणे झाले तेव्हा खरी गोष्ट बाहेर आली. ते म्हणाले, "सर, नावावरून ओळखतात. घर भाड्याने घेताना मी अनुभवलंय. पोरीला तरी नको." यावर आमच्यापाशी तयार उत्तर नव्हते. शहरात भाड्याच्या घरासाठी आडनाव विचारले जाते, मग गाव विचारले जाते, मग भिंतीवरचा फोटो पाहिला जातो. ज्याने हे सोसले आहे त्याने मुलीसाठी कोणत्याही घरात खपेल असे नाव निवडले, तर त्याला भित्रा म्हणण्याचा अधिकार वसतिगृहाच्या आवारात सुरक्षित बसलेल्या आम्हाला नाही.

तरीही आमचे मत आम्ही त्यांना सांगितले. मनुस्मृतीने शूद्राचे नाव तिरस्कारदर्शक असावे असे सांगून ठेवले. आपल्या पणजोबांची धोंडी, दगडू, कचरू ही नावे सगळीच त्या आज्ञेने आली असे नव्हे. मूल जगावे, दृष्ट लागू नये म्हणूनही अशी नावे ठेवत, आणि इतर जातींतही ठेवत. परंतु चांगले नाव घेणे हा ज्यांच्या बाबतीत उद्धटपणा ठरत होता, त्यांनी 14 ऑक्टोबर 1956 नंतर गौतम, राहुल, सुजाता, संघमित्रा अशी नावे उंच आवाजात ठेवली. त्या वेळी ती नावेही ओळखू येतच होती. ओळखू यावीत म्हणूनच ठेवली होती. आज राहुल हे नाव कोणाच्याही घरात आढळते. नाव रुळते ते वापरल्याने. साताऱ्यात 2011 साली 'नकुशा' नावाच्या अडीचशेहून अधिक मुलींची नावे समारंभाने बदलण्यात आली, तेव्हा प्रत्येकीला आपले नाव निवडण्याची मुभा होती, हे आम्हाला त्या घटनेत सर्वांत मोलाचे वाटते. म्हणून आम्ही वडिलांना एवढेच म्हटले, निर्णय तुमचाही नको, आमचाही नको. तिला विचारा.

दिवाळीच्या सुटीत त्यांनी विचारले. सुटी संपवून ती परत आली ती आजीच्या अंगठ्याचा आणि वडिलांच्या सहीचा अर्ज घेऊन. नावदुरुस्तीचा प्रस्ताव शिक्षण विभागाकडे गेला आहे, जन्मदाखल्याची दुरुस्ती वेगळी करावी लागेल, त्याला वेळ लागतो. हजेरीपत्रकात मात्र आम्ही वाट पाहिलेली नाही.

या स्मरणिकेच्या वाचकांत अनेक माजी विद्यार्थिनी आहेत. आमच्या जुन्या रजिस्टरांत ज्यांची नावे आम्ही वा आमच्या पूर्वीच्यांनी 'शुद्ध' केली असतील, ज्यांना घरी एक आणि दाखल्यावर दुसरे नाव घेऊन जगावे लागले असेल, त्यांनी आपले मूळ नाव आम्हाला कळवावे. दाखले बदलणे आता कदाचित शक्य होणार नाही. माजी विद्यार्थ्यांची यादी पुढील वर्षी नव्याने छापायची आहे, तीत ते नाव छापता येईल.