‘जैसे थे’ म्हणजे कसे, तेही लिहा

नोकरीभर मी सोलापूर जिल्ह्यातल्या दिवाणी कोर्टांत बेलीफ होतो. समन्स, नोटिसा, मनाई हुकूम घरोघर जाऊन बजावायचे, सही नाहीतर अंगठा घ्यायचा आणि अहवाल द्यायचा. भावाभावांच्या वाटपाच्या दाव्यात ‘जैसे थे’चा हुकूम घेऊन गेलो की हमखास प्रश्न यायचा, “बेलीफसाहेब, मग आता मोटार कुणी चालू करायची?” हुकमात त्याचं उत्तर नसायचं.

सीनाकाठचं एक प्रकरण सांगतो. दोन भाऊ, सामाईक विहीर, सातबाऱ्यावर सगळ्या वारसांची नावं. धाकट्यानं दावा लावला आणि सोबत निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा, अर्ज दिला. पुढच्या तारखेपर्यंत दोघांनी ‘जैसे थे’ राहावं, असा एका ओळीचा हुकूम झाला. मी पोचलो तेव्हा ऊस तोडणीला आलेला. थोरला म्हणे, कारखान्याला नोंद माझ्या नावानं, म्हणून ऊस माझा. धाकटा म्हणे, लागण मी केली, पाळीचं पाणी मी दिलं. दाव्याचा सुगावा लागताच यानं माझी केबल तोडली. दोघांच्या हातात एकाच हुकमाच्या नकला, आणि दोघांनाही वाटे की हुकूम आपल्याच बाजूचा आहे. पोलिसांनी ‘दिवाणी मामला’ म्हणून अंग काढून घेतलं. ऊस वाळत राहिला.

शहरातही तेच. पूर्व भागातल्या एका यंत्रमागाच्या शेडमध्ये हुकमाच्या दिवशी माग चार होते की सहा, यावरच पुढं कितीतरी तारखा गेल्या.

विक्रीवरच्या मनाईबद्दल माझी तक्रार नाही. मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत समान हक्क देणारी दुरुस्ती महाराष्ट्रानं १९९४ मध्ये केली, केंद्रानं २००५ मध्ये. तरी बहिणीला न विचारता खरेदीखत उरकणारे भाऊ मी पुष्कळ पाहिले. ‘विकू नका, गहाण टाकू नका’ हे साऱ्यांना कळतं. घोळ होतो तो ताब्याचा. सामाईक जमिनीत सातबारा मालकी सांगतो, पण कोणत्या बांधापर्यंत कुणाची वहिवाट, हे सांगत नाही. पीकपेरा तर २०२१ पासून शेतकरीच मोबाइलवर नोंदवतात. भाऊबंदकीत जो आधी ॲप उघडेल त्याचं फावतं.

हुकूम मोडला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ प्रमाणं मिळकतीची जप्ती होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. पण आधी स्थिती काय होती हेच कुठं लिहिलेलं नसेल, तर ती बदलली हे शाबीत कसं करायचं? कायद्यात सोय आहे. त्याच आदेशाच्या नियम ७ खाली मिळकतीची पाहणी करवता येते, आदेश २६ खाली कमिशनर नेमता येतो.

वकीलमंडळी म्हणतात, यात खर्च वाढतो, आणि तात्पुरत्या हुकमासाठी एवढा खटाटोप कशाला. एकतर्फी मनाईचा अर्ज तीस दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न करावा, नाही जमलं तर कारण लिहावं, असं कायदा म्हणतो खरा. पण वाटपाचा दावा किती चालतो? प्रसिद्ध मगदूम खटल्यात एका विधवेनं १९६२ मध्ये हिस्सा मागितला. सांगलीच्या कोर्टात सुरू झालेलं ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयात १९७८ मध्ये संपलं. इतकी वर्षं घर ज्या कागदावर चालायचं, तो कागद एका ओळीचा असून कसं भागेल?

म्हणून माझं म्हणणं एवढंच, की ‘जैसे थे’च्या खाली आणखी चार ओळी लिहा. गटाच्या कोणत्या बाजूला कुणाचं पीक, मीटर कुणाच्या नावे, विहिरीची पाळी कोणत्या वारी, शेडला कुलूप कुणाचं. पक्षकारांचं यावर जमत नसेल तर आठवड्याच्या आत कमिशनर पाठवा. त्याची फी आधी अर्जदारानं भरावी, निकालात ती खर्चात धरावी. उभं पीक असेल तर ते कुणी काढायचं आणि कारखान्याचं बिल निकालापर्यंत कोर्टात जमा करायचं की दोघांत वाटायचं, हेही त्याच हुकमात यावं.