प्रश्न आदेश पाळण्याचा आहे



अवमान याचिका म्हणजे प्रशासनाच्या कामात न्यायालयाची ढवळाढवळ, हे बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाबाबतच्या लेखात छापलेले मत टिकणारे नाही. मुंबई उच्च न्यायालयाने ७ मे १९९७ रोजी उद्यानातील अतिक्रमणे हटवण्याचा आदेश दिला. त्याच आदेशात १ जानेवारी १९९५ पूर्वीच्या पात्र झोपडीधारकांना उद्यानाबाहेर जागा देण्याचे बंधन सरकारवर होते. लेखात पहिला भाग आला, दुसरा गळाला. पात्र कुटुंबांकडून प्रत्येकी ७,००० रुपये भरून घेतले गेले. हजारो कुटुंबांना चांदिवलीत घरे मिळाली; बाकीच्यांचा प्रश्न पाव शतक लोटूनही सुटला नाही, म्हणून अवमान याचिका आली.

अधिकाऱ्याला सरसकट तुरुंगात धाडता येते, हेही खरे नाही. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्यानुसार आदेशभंग जाणूनबुजून झाल्याचे सिद्ध व्हावे लागते. खरीच अडचण असेल, तर ती प्रतिज्ञापत्रावर मांडता येते. शिक्षा जास्तीत जास्त ६ महिने साधी कैद, २,००० रुपये दंड किंवा दोन्ही. प्रामाणिक माफीही स्वीकारली जाते.

पदाचे कवच मात्र मिळत नाही, आणि मिळूही नये. दुसऱ्या एका प्रकरणात आदेश डावलून आरागिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल मे २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राज्याचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिन्याची कैद सुनावली.

आदेश चुकीचा वाटला तर अपील करावे, स्थगिती मिळवावी. दोन्ही न करता फाइल दाबून ठेवणे कायद्यात बसत नाही.

— एक वाचक, बोरिवली (पूर्व)