विश्लेषण : गिटार अ‍ॅम्पची नवी ट्यूबही का जळते?

मार्च २०२२ मध्ये युक्रेन युद्ध सुरू असताना रशियाने अनेक वस्तूंची निर्यात रोखली आणि जगभरातले गिटारवादक धास्तावले. अ‍ॅम्प्लिफायरच्या ट्यूब, म्हणजे आपल्या जुन्या रेडिओतले व्हॉल्व्ह, बनवणारे मोठे कारखाने तेव्हा प्रामुख्याने रशिया, स्लोव्हाकिया आणि चीनमध्येच उरले होते. रशियाच्या सारातोवमधल्या कारखान्याची निर्यात पुढे सुरू झाली, पण भाव वाढले ते वाढलेच.

त्यामुळे ‘आवाज गेला की ट्यूब बदला’ हा जुना उपाय आता खिशाला झेपत नाही. शिवाय दोष आउटपुट ट्रान्सफॉर्मरचाही असू शकतो.

ट्यूबकडे व्होल्टेज जास्त, करंट कमी. स्पीकरला नेमकं उलट हवं. हा मेळ ट्रान्सफॉर्मर घालतो. त्याच्या प्रायमरीला सेकंडरीच्या २० पट वेढे असतील, तर ८ ओमचा स्पीकर ट्यूबला ४०० पट, म्हणजे ३,२०० ओमचा भासतो. स्पीकर न जोडताच अ‍ॅम्प जोरात वाजवला तर प्रायमरीवर व्होल्टेज उसळतं आणि तारेवरचं इन्सुलेशन फुटू शकतं. काही ट्रान्सफॉर्मर असेही जातात.

प्रायमरीची एक बाजू तुटली, की ईएल३४ सारख्या ट्यूबच्या प्लेटला वीज मिळत नाही. मग स्क्रीन ग्रिडवर भार येतो, ती लालबुंद होते आणि नवी कोरी ट्यूबही जाते. म्हणून आधी तपासणी, मग खरेदी.

ही तपासणी जाणकाराकडूनच करून घ्या. अ‍ॅम्प बंद केल्यावरही कपॅसिटरमध्ये ४०० व्होल्ट टिकून राहू शकतात. सेकंडरी मल्टिमीटरवर एक ओमहून कमी दाखवते, ते शॉर्ट नव्हे. मधल्या तारेपासून प्रायमरीच्या दोन बाजूंचे आकडे थोडे वेगळे आले, तरी घाबरू नका. बाहेरच्या वेढ्यांना तार जास्त लागते. एक बाजू काहीच दाखवत नसेल, तर मात्र तार तुटली. दोन-चार वेढे आपसात चिकटले असतील तर मल्टिमीटर फसतो. तेव्हा ट्रान्सफॉर्मर सर्किटमधून सोडवून सेकंडरीला १ व्होल्ट एसी देतात. वरच्या उदाहरणात प्रायमरीवर २० च्या आसपास यायला हवेत; बरेच कमी आले तर आत शॉर्ट आहे.

ट्रान्सफॉर्मर पुन्हा गुंडाळून मिळतो, पण मोटार वाइंडिंगच्या दुकानात देताना जपून. यात प्रायमरी आणि सेकंडरीचे थर बहुधा एकाआड एक असतात. तो क्रम चुकला तर अ‍ॅम्प वाजेल, पण वरचे सूर बोथट होतील.