साडेचोपन्न टीएमसीची सनद कुठे आहे?

मावळच्या पाण्याचा विषय निघाला की एक ठरावीक युक्तिवाद पुढे येतो आणि सभा गप्प होते. पाण्याचे जाणकार म्हणवणाऱ्या एका गृहस्थांनी तो अलीकडे पुन्हा मोठ्या खात्रीने मांडला. वळवण, लोणावळा, शिरवता, ठोकळवाडी आणि मुळशी या टाटांच्या धरणांचं पाणी घाटाखाली जातं ते कृष्णेच्या पाणीवाटपाच्या बच्छावत लवादाच्या निवाड्याने. आंतरराज्य निवाड्याला हात लावता येत नाही. त्या पाण्यावर होणारी वीज मुंबईला हवी त्या घटकेला मिळते आणि वापरून झालेलं पाणी कोकणाला मिळतंच. तेव्हा मावळकरांनी भावनेच्या भरात बोलू नये.

भावना बाजूला ठेवू आणि निवाडाच वाचू. लवादाने महाराष्ट्राला ५६० टीएमसी (अब्ज घनफूट), कर्नाटकाला ७०० आणि आंध्र प्रदेशाला ८०० टीएमसी पाणी दिलं. महाराष्ट्राच्या या वाट्यातून टाटांच्या जलविद्युत केंद्रांसाठी कृष्णा खोऱ्याबाहेर किती जाऊ द्यायचं, यावर १९७६ च्या अंतिम आदेशात बंधन आहे. एका जलवर्षात ५४.५ टीएमसीपेक्षा जास्त नाही आणि १ जून १९७४ पासून कोणत्याही सलग पाच जलवर्षांत मिळून २१२ पेक्षा जास्त नाही. हा आदेश राज्याला आहे: यापलीकडे पाणी जाऊ देऊ नका. एवढं पाणी द्याच, असं वचन त्यात कुणालाही नाही. वेगाची मर्यादा ताशी ऐंशी आहे म्हणून प्रत्येकाने ऐंशीनेच गाडी हाकावी, असं कुणी म्हणेल का? दरवर्षी ५४.५ घेतले तर पाच वर्षांचे २७२.५ होतात, म्हणजे २१२ च्या कितीतरी वर. तेव्हा दरवर्षी कमाल उचलली जावी हे लवादालाही मान्य नव्हतं. त्याने पाण्याचा हिशेब पाच वर्षांच्या ओळीवर बांधला, म्हणजे एका वर्षाचं जास्त पुढच्या वर्षांत फेडावं लागतं. हे पाणी कर्नाटकाच्या वाट्यातलं नाही, आपल्याच ५६० मधलं आहे. पश्चिमेला कमी सोडल्याने या कलमाचा भंग कसा होतो, ते या गृहस्थांनी दाखवावं. भीमेच्या खोऱ्यातल्या वापरावर त्याच निवाड्यात वेगळी बंधनं आहेत आणि पाणी पूर्वेला ठेवताना तो हिशेब करावाच लागेल. पण हिशेब करायचा आहे म्हणजे विषय बंद झाला, असं होत नाही. लवादानेच ३१ मे २००० नंतर फेरविचाराची वाट मोकळी ठेवली होती आणि २००४ मध्ये दुसरा लवाद नेमलाही गेला. निवाडा लिहिणाऱ्यांना जो अढळ वाटला नाही, तो या गृहस्थांना अढळ वाटतो!

ही जरब मावळ-मुळशीला जुनी आहे. खोपोलीचं केंद्र १९१५ मध्ये सुरू झालं, भिवपुरीचं १९२२ मध्ये, भिऱ्याचं १९२७ मध्ये. १९२१ मध्ये मुळशीचे शेतकरी धरणाखाली जाणाऱ्या आपल्या भातखाचरांसाठी सत्याग्रहाला बसले, तेव्हाही मुंबईच्या गिरण्यांची गरज मोठी आणि गावांची ओरड छोटी असंच सांगितलं गेलं. पवनेच्या पाण्यासाठीच्या आंदोलनात ९ ऑगस्ट २०११ रोजी द्रुतगती मार्गावर पोलिसांच्या गोळीबारात तीन जीव गेले, तेव्हाही शहाणपणाचे धडे मावळालाच दिले गेले. दरवेळी कायदा आधीच ठरलेला असतो आणि तो वाचायचं काम दुसऱ्याच कुणाकडे असतं.

कोकणाला पाणी मिळतं, हे खरं आहे. उल्हासकाठच्या शहरांचं पिण्याचं पाणी तोडा, असं कुणी म्हणत नाही. ते मोजून, नाव घालून द्यावं.

राहिली विजेची घटका. सुमारे पाचशे मीटरच्या उतारावरून एक टीएमसी पाणी खाली सोडलं की सव्वातीन कोटी युनिटच्या आसपास वीज होते. माणशी रोज १३५ लिटर धरले, तर तेवढंच पाणी पावणेसहा लाख लोकांना वर्षभर पुरतं. संध्याकाळची वीज मोलाची आहेच. पण त्या घटकेसाठी पाणी खोऱ्याबाहेर कायमचं घालवावं लागतं, हे आता खरं राहिलेलं नाही. भिऱ्याला पाणी पुन्हा वर चढवणारा १५० मेगावॉटचा संच आहे. ऑगस्ट २०२३ मध्ये शिरवता येथे १८०० आणि भिवपुरी येथे १००० मेगावॉटच्या उदंचन प्रकल्पांसाठी राज्य सरकार आणि टाटा पॉवर यांच्यात करार झाला. दिवसा सूर्याच्या विजेने पाणी वर न्यायचं आणि तेच पाणी संध्याकाळी खाली सोडून वीज करायची. संध्याकाळची गरज भागते आणि पाणी हाती राहतं.

म्हणून मागणी साधी आहे. दरवर्षी १५ ऑक्टोबरचा साठा पाहून आधी धरणाकाठच्या गावांचं आणि इंद्रायणीकाठचं पिण्याचं पाणी राखून ठेवावं, मग उल्हासकाठचं, आणि उरेल त्यातून विजेचं. प्रत्येक तलावातून महिन्याला किती पाणी घाटाखाली गेलं आणि पाच वर्षांची बेरीज कुठवर आली, हे मावळ आणि मुळशीच्या तहसील कचेऱ्यांच्या फलकावर लागावं. उदंचन प्रकल्प सुरू होतील तेव्हा त्यातून वाचणारं पाणी कुणाच्या नावावर जमा होणार, हे यंत्रं बसण्याआधी लेखी ठरावं.