१९६७ जानेवारीत संपत नाही



गेल्या अंकातील '१९६७चा गोवा' या लेखाने ते वर्ष १६ जानेवारीच्या जनमत कौलावरच संपवले आहे. हे अर्धेच झाले.

कौलाचे आकडे निर्विवाद आहेत. 'दोन पाने' या चिन्हाला, म्हणजे वेगळ्या संघप्रदेशाला, १,७२,१९१ मते. 'फुला'ला, म्हणजे महाराष्ट्रातील विलीनीकरणाला, १,३८,१७०. फरक ३४,०२१. पण लेखकाने 'गोमंतकीय एकमुखाने बोलले' असे लिहिले, तिथे पेडणे आणि डिचोली त्यांच्या नकाशातून गळाले. या तालुक्यांचा कल फुलाकडे होता. तो कुणी फितवल्यामुळे नव्हे. नव्या काबिजादीतला, म्हणजे पोर्तुगिजांनी मागाहून मिळवलेल्या प्रदेशातला, हा मुलूख. पेडणे १७८८मध्ये पोर्तुगिजांकडे गेले, त्याआधी ते सावंतवाडीकर भोसल्यांचे. बांदा-सावंतवाडीशी सोयरीक आणि बाजारहाट त्यानंतरही चालूच राहिली. घरातली पोथी मराठी, बोलणे कोकणी. (ही दुहेरी सवय दोन्ही बाजूंच्या पुढाऱ्यांना आजही पचत नाही.)

आणि मार्च? कौल निष्पक्ष व्हावा म्हणून डिसेंबर १९६६मध्ये भाऊसाहेब बांदोडकरांच्या मंत्रिमंडळाने राजीनामा दिला होता. विलीनीकरण हरले, म्हणजे ते मागणारा भाऊसाहेबांचा मगो (महाराष्ट्रवादी गोमंतक) पक्ष संपला, असा लेखाचा सूर आहे. प्रत्यक्षात २८ मार्चच्या विधानसभा निवडणुकीत ३०पैकी १६ जागा जिंकून भाऊसाहेब पुन्हा मुख्यमंत्री झाले. विलीनीकरणाला विरोध करणाऱ्या डॉ. जॅक सिक्वेरांच्या युनायटेड गोअन्स पक्षाला १२ जागा मिळाल्या. दहा आठवड्यांत त्याच मतदारांनी दिलेले हे दोन निकाल.

पुढच्या अंकात ही दुरुस्ती छापावी, ही विनंती.

— एक वाचक, पेडणे