किल्ल्याचे नाव बदलले, डोंगरातील रस्ता तोच राहिला

कोलकात्याच्या मैदानावरील फोर्ट विल्यम आता अधिकृतपणे विजयदुर्ग झाला आहे. २०२४ च्या डिसेंबरात सैन्याच्या पूर्व विभागाच्या या मुख्यालयाचे नामांतर झाले. किचनेर हाउसला फील्ड मार्शल माणेकशॉ यांचे नाव मिळाले आणि सेंट जॉर्ज दरवाजा शिवाजी दरवाजा झाला. हे नाव सिंधुदुर्ग जिल्ह्यातील ज्या जलदुर्गावरून घेतले, त्याचा आणि फोर्ट विल्यमचा संबंध बहुतेकांना वाटतो त्याहून जुना आहे. १७५६ च्या फेब्रुवारीत तुळाजी आंग्रे यांच्याकडून विजयदुर्ग जिंकून घेणारे अ‍ॅडमिरल वॉटसन आणि रॉबर्ट क्लाइव्ह हेच त्या वर्षाच्या अखेरीस कोलकाता परत घ्यायला हुगळीत शिरले होते. प्लासीनंतर क्लाइव्हनेच आजच्या किल्ल्याच्या बांधकामाला हात घातला. त्याच्याही आधी, १७४२ मध्ये, नागपूरकर भोसल्यांच्या घोडदळाच्या धास्तीने कोलकातेकरांनी शहराभोवती ‘मराठा खंदक’ खणायला घेतला होता. स्वार तिथवर आलेच नाहीत; खंदक अर्धवट राहिला आणि पुढे तो बुजवून त्यावर सर्क्युलर रोड झाला. भीतीपोटी सुरू झालेल्या कामाचा शेवट एका उपयोगी रस्त्यात व्हावा, असे आपल्या इतिहासात फार वेळा घडलेले नाही.

नामांतराच्या योग्यायोग्यतेवर भरपूर लिहून झाले आहे. त्यात भर घालण्याची माझी इच्छा नाही. ज्या किल्ल्याच्या नावाने बंगालचे कंपनी सरकार ओळखले जाई, त्या सत्तेने उत्तरेकडच्या डोंगराकडे कोणत्या नजरेने पाहिले आणि ती नजर आज कितपत बदलली आहे, हा प्रश्न मला अधिक महत्त्वाचा वाटतो. तो डोंगर म्हणजे आजचे दार्जिलिंग आणि कालिम्पोंग हे जिल्हे.

सिलिगुडीची उंची समुद्रसपाटीपासून जेमतेम सव्वाशे मीटर. तिथून सत्तर किलोमीटरच्या आत रस्ता घूमला २,२५८ मीटरवर पोहोचतो. बंगालच्या उपसागरावरून येणाऱ्या मोसमी ढगांना वाटेत अडवणारे काहीच नसते; ते या पहिल्याच भिंतीवर आपटतात. दार्जिलिंगला वर्षाकाठी सुमारे तीन हजार मिलिमीटर पाऊस पडतो, कुर्सियांगला त्याहूनही अधिक. डोंगराच्या पोटातला खडक मात्र पुष्कळ ठिकाणी हाताने चुरता येईल असा, पापुद्र्यांचा. या उतारांवरून शेकडो ओढे धावतात. स्थानिक लोक त्यांना झोरा म्हणतात. त्यांपैकी एकाचे नाव ‘पागलाझोरा’, म्हणजे वेडा ओढा, असे आहे. रस्ता आखण्यापूर्वी गावकऱ्यांना विचारले असते तर एवढ्या एका नावाने निम्मे सर्वेक्षण उरकले असते.

१ फेब्रुवारी १८३५ रोजी सिक्कीमच्या राजाने दार्जिलिंगचा डोंगर कंपनीला दिला, तो तिच्या आजारी नोकरांना हवापालटासाठी. पाठोपाठ रस्त्याची निकड आली. रॉबर्ट नेपियर या तरुण अभियंत्याने १८३९ ते १८४२ या काळात पंखाबारीवरून चढणारा लष्करी रस्ता बांधला. तो इतका उभा होता की बैलगाड्यांचा जीव जाई. म्हणून १८६० च्या दशकात कमी चढाची हिल कार्ट रोड तयार झाली. भूतान युद्धानंतर, १८६५ च्या सिंचुला तहाने, कालिम्पोंगही इंग्रजांकडे आले आणि जेलेप ला खिंडीतून तिबेटला जाणारी वाट खुली झाली. फ्रँकलिन प्रेस्टेज यांनी छोट्या रेल्वेची कल्पना मांडताना तांदळाचा हिशेब दिला होता: सिलिगुडीत टनाला ९८ रुपये असलेला तांदूळ दार्जिलिंगला पोहोचेपर्यंत २३८ रुपये होतो. १८८१ मध्ये ती गाडी त्याच रस्त्याच्या कडेने दार्जिलिंगला पोहोचली. १९९९ मध्ये ती जागतिक वारसा ठरली आणि आता तिच्यात तांदूळ जात नाही, प्रवासी छायाचित्रे काढतात.

या साऱ्या बांधकामाविषयी मला आदर आहे. यंत्रे नसताना केवळ सुरुंग, पहार आणि माणसांच्या पाठी यांवर ते उभे राहिले. पण ते कोणासाठी होते, हेही पाहायला हवे. पहिला रस्ता आजारी साहेबांसाठी आणि सैन्यासाठी, दुसरा चहासाठी, तिसरा तिबेटच्या व्यापारासाठी. डोंगरात राहणाऱ्या माणसाचा त्यात वाटा एवढाच की, तो हे रस्ते खोदत होता, नंतर त्यांची दरड उपसत होता.

आज ही विभागणी सर्वांत स्पष्ट दिसते ती तीस्तेच्या खोऱ्यात. सेवोकपासून नदीच्या कुशीतून वर जाणारा राष्ट्रीय महामार्ग १० हा गंगटोकचा मुख्य रस्ता आहे आणि नथु लापर्यंतच्या सैन्याची रसदही प्रामुख्याने त्यावरूनच जाते. या खोऱ्याने माणसाला इशारे कमी दिलेले नाहीत. १९१५ मध्ये इथे रेल्वे धावू लागली. १९५० च्या पुरात ती वाहून गेली आणि पुन्हा कधी बांधली गेली नाही. १९६८ च्या ऑक्टोबरातील पावसाने तीस्ता बाजारचा अँडरसन पूल नेला आणि दार्जिलिंगकडे जाणारा महामार्ग ९२ ठिकाणी तुटला. त्यानंतरही नदीच्या याच पट्ट्यात कालीझोरा आणि रंबी येथे दोन धरणे उभी राहिली, सेवोक ते रंगपो ही चौदा बोगद्यांची रेल्वे खोदायला घेतली गेली आणि महामार्ग रुंद होत राहिला. ४ ऑक्टोबर २०२३ रोजी सिक्कीममधील दक्षिण ल्होनाक हिमसरोवर फुटले, चुंगथांगचे धरण वाहून गेले आणि सारा गाळ खाली आला. नदीचे पात्रच उंचावले. तीस्ता बाजारातल्या ज्या घरांनी पूर्वी पूर दुरून पाहिला होता, त्यांच्या उंबऱ्याशी नदी आली.

त्यानंतरच्या प्रत्येक पावसाळ्यात महामार्ग बंद पडणे ही बातमीच राहिलेली नाही. कडे ढासळतात, डांबर नदीत जाते, वाहने लाव्हा-गोरुबथानच्या लांबच्या वाटेने वळवली जातात. पर्यटकाचा त्यात एक दिवस जातो. सिक्कीमला भाजी महाग मिळते. कालिम्पोंगच्या आले, वेलदोडा आणि संत्री पिकवणाऱ्या शेतकऱ्याचे नुकसान मात्र कोणत्याच बातमीत येत नाही, कारण त्याच्या गावापासून महामार्गापर्यंतची वाट तर आधीच गेलेली असते. माल डोकोत भरून, म्हणजे कपाळावरच्या पट्ट्याने तोललेल्या वेताच्या टोपलीत, पाठीवरून न्यायचा आणि रुग्ण चौघांच्या खांद्यावर. महामार्ग खुला झाला की शासकीय निवेदन निघते. गावाची वाट खुली झाली की नाही, हे त्या निवेदनात कधी लिहिलेले नसते.

याचे कारण निव्वळ निष्काळजीपणा नाही. या उताराला धनीच नाही. सेवोक ते रंगपो हा सुमारे ५२ किलोमीटरचा टप्पा आधी राज्याच्या सार्वजनिक बांधकाम विभागाकडे होता. २०२४ च्या अखेरीस तो केंद्राच्या महामार्ग विकास महामंडळाकडे गेला. धरणे जलविद्युत महामंडळाची, बोगदे रेल्वेचे, वरचे जंगल वन खात्याचे, त्याच्या शेजारचा उतार भाडेपट्ट्याने चहाच्या बागेचा. ओढा या सगळ्यांच्या हद्दींतून वाहतो आणि मोरी तुंबली की प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवतो. लोकनियुक्त म्हणावे असे गोरखालँड प्रादेशिक प्रशासन आहे, पण महामार्ग त्याच्या अधिकारात येत नाही. राज्यघटनेच्या कलम २४३ ‘एम’ने या डोंगरात जिल्हा पंचायतीची तरतूदच लागू केलेली नाही. ग्रामपंचायतींच्या निवडणुका दोन दशकांहून अधिक काळ झाल्या नव्हत्या; त्या २०२३ मध्ये झाल्या. ज्या जिल्ह्यात इतकी वर्षे गावाला सरपंच नव्हता, तिथे गावच्या रस्त्यासाठी भांडणार कोण?

चहाच्या बागांची गोष्ट याहून अवघड आहे. तिथला मजूर ज्या जमिनीवर पिढ्यान्‌पिढ्या राहतो ती बहुधा त्याच्या नावावर नसते. बाग चालू असेपर्यंत आतला रस्ता व्यवस्थापनाच्या मर्जीवर आणि बाग बंद पडली की तो कोणाचाच नाही. जुलै २०१५ मध्ये मिरिकच्या परिसरात दरडी कोसळून तीसहून अधिक माणसे गेली. ऑक्टोबर २०२५ मध्ये एका रात्रीच्या पावसाने पुन्हा मिरिकलाच गाठले. दार्जिलिंग जिल्ह्यात वीसहून अधिक बळी गेले आणि बालासन नदीवरील दुधियाचा लोखंडी पूल कोसळल्याने सिलिगुडी-मिरिक हा सरळ रस्ताच तुटला. मृतांमध्ये पर्यटक किती, ही चौकशी पहिल्या दिवसापासून सुरू झाली. मजुरांच्या वस्त्या उताराच्या नेमक्या त्याच जागी का आहेत, ही चौकशी अजून व्हायची आहे. सपाट आणि भक्कम जागा कारखान्याला, साहेबाच्या बंगल्याला आणि झाडांना गेल्यावर उरेल तिथे वस्ती होते, हे त्याचे साधे उत्तर आहे.

यावर एक आक्षेप येतो आणि तो गांभीर्याने घ्यायला हवा. सिलिगुडीजवळ देशाची मान जेमतेम बावीस किलोमीटर रुंद आहे. २०१७ मध्ये डोकलामला ७३ दिवस दोन सैन्ये समोरासमोर उभी होती. तेव्हा रस्ता रुंद हवा, बारमाही हवा, या मागणीला देशहिताचा आधार आहे. उत्तराखंडातील चारधाम मार्गाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२१ मध्ये संरक्षणाची हीच गरज मान्य करून रुंदीकरणाला परवानगी दिली. मला ती गरज नाकारायची नाही. पण जो रस्ता दर पावसाळ्यात आठवडाभर बंद पडतो त्यावर सैन्याचा ताफाही अडकतो. डोंगर जितका खोल कापाल तितकी वरची माती मोकळी होते आणि निघालेला राडारोडा नदीत लोटला की पात्र आणखी उंचावते. रुंदी आणि टिकाऊपणा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपल्या निविदांमध्ये मोजमाप पहिलीचेच असते, कारण ती टेपने मोजता येते. बागराकोटवरून लाव्हा-पेडोंगमार्गे सिक्कीमला जाणारा ७१७ ‘ए’ हा पर्यायी महामार्ग झाला, हे चांगलेच. मात्र तोही त्याच रीतीने कापलेला असेल, तर आपल्याला एकाऐवजी दोन दरडग्रस्त रस्ते मिळतील.

मूळ विजयदुर्गाच्या प्रदेशाला ही कहाणी परकी वाटू नये. त्या बंदरातून कोल्हापूरकडे जाणारा करूळ घाट २०२४ च्या जानेवारीत दुरुस्तीसाठी बंद झाला तो वर्षभराहून अधिक काळ. माळीण, तळिये, इर्शाळवाडी ही नावे महाराष्ट्र विसरलेला नाही. इर्शाळवाडीत २०२३ च्या जुलैत बचाव पथकांना डोंगर पायी चढून जावे लागले, कारण वाडीपर्यंत रस्ताच नव्हता. मुंबई-पुणे द्रुतगती मार्ग तिथून दृष्टीच्या टप्प्यात आहे. सह्याद्री असो वा हिमालय, घाटाचा हिशेब आपण पायथ्याच्या आणि माथ्याच्या शहरांच्या सोयीने मांडतो आणि मधल्या वस्तीला वळण समजून पुढे जातो.

करण्याजोगे काय आहे? खर्चाचे आकडे फुगवण्याआधी काही साधी कामे करता येतील. महामार्गाच्या प्रत्येक टप्प्याबरोबर त्याच्या वरचा आणि खालचा उतार एकाच यंत्रणेच्या जबाबदारीत द्यावा. रस्ता सांभाळणाऱ्याने ओढाही सांभाळला पाहिजे. मोऱ्या आणि गटारे पावसाळ्यापूर्वी मोकळी झाल्याचा दाखला कंत्राटदाराकडून न घेता त्या गावच्या पंचायतीकडून घ्यावा, आणि त्याशिवाय देयक निघू नये. राडारोडा कुठे टाकला याची नोंद नकाशावर असावी. आणि डोंगराला जिल्हा पंचायत नाकारणारी जी तरतूद १९९० च्या दशकातील राजकीय सोयीतून आली, तिचा फेरविचार संसदेने करावा. त्यासाठी घटनादुरुस्ती लागेल आणि कोलकात्याला ती आवडणार नाही, कारण डोंगराला अधिकार देण्याच्या प्रत्येक गोष्टीत तिथे राज्याच्या विभाजनाची चाहूल ऐकू येते. ती भीती १७४२ च्या खंदकाइतकीच अतिरंजित आहे.

दुधियाला पूल पडल्यानंतर काही आठवड्यांत बालासनच्या पात्रात ह्यूम पाइप टाकून तात्पुरती वाट सुरू करण्यात आली. हिवाळ्यात नदी गुडघाभर असते, तेव्हा ती पुरेशी होती. पाइपांवरून जाणाऱ्या जीपमध्ये मिरिककडचे मजूर, शाळेची मुले आणि सिलिगुडीच्या दवाखान्याला निघालेले रुग्ण असतात. जूनच्या पहिल्या आठवड्यात त्या पाइपांमधून पाणी मावेनासे झाले, की वाहतूक कोणत्या वाटेने वळवायची याचे वेळापत्रक आजच गावोगावी लागलेले असायला हवे.