होडीचा यजमान कोण?

आमच्या परिचयातील एका काकूंनी गेल्या वर्षी फायबरची एक लहान होडी घेतली. मासेमारीसाठी नव्हे आणि भाड्याने देण्यासाठीही नव्हे. लेकी-जावई, नातवंडे सुट्टीला आली की त्यांना पाण्यावरून एक फेरी मारून आणावी, एवढाच हेतू. होडीला छोटे इंजिन असल्याने नोंदणी करणे भाग होते. होडी काकूंच्या नावावर, पावती काकूंच्या नावावर, पैसेही त्यांच्याच शेताचे. अर्ज मात्र तेलुगूत. काकूंना तेलुगू लिपी अक्षर जुळवत वाचता येते. ‘पडव यजमानि पेरु’ हे शब्द त्यांनी जुळवले आणि त्यापुढे निःशंक मनाने आपल्या पतीचे नाव लिहिले. महिनाभराने अर्ज परत आला. पावतीवरील मालक एक आणि अर्जातील मालक दुसराच!

वाचकहो, काकूंचे चुकले कोठे? तेलुगूत ‘यजमानि’ म्हणजे मालक. मराठीत यजमान म्हणजे ज्याच्या घरी आपण पाहुणे जातो तो, किंवा स्त्रीच्या तोंडी तिचा नवरा. संस्कृतातील हा एकच शब्द, ज्याचा मूळ अर्थ यज्ञ करणारा असा, पैनगंगेच्या एका तीरावर मालक झाला आणि दुसऱ्या तीरावर पती. (आपल्या खेड्यांत नवऱ्याला ‘मालक’ही म्हणतात, तेव्हा या गोंधळाला हसण्याचा अधिकार आपल्याला फारसा नाही.)

आदिलाबादेत राहणाऱ्या मराठी माणसाची खरी अडचण येथे आहे. तेलुगू त्याला अगदी परकी असती तर तो दुभाष्या शोधता. ती अर्धी ओळखीची वाटते, म्हणून तो फसतो. ‘दरखास्तु’ ही आपली दरखास्त, ‘दाखलु’ म्हणजे दाखल, ‘हद्दु’ म्हणजे हद्द. नोंदणीला तेलुगूत ‘नमोदु’ म्हणतात. आपण ‘नमूद करणे’ म्हणतो तोच हा शब्द. निजामी दफ्तराची ही फारसी शिदोरी दोन्ही भाषांनी वाटून घेतली आहे आणि ती उपकारकच आहे. संस्कृत शब्दांचे मात्र तसे नाही. त्यांचा चेहरा तोच आणि स्वभाव निराळा. ‘प्रमादम्’ म्हणजे तेलुगूत अपघात किंवा धोका. आपल्याकडे प्रमाद ही नुसती चूक. पाण्याच्या कडेला ‘प्रमादम्’ अशी पाटी वाचून कोणा मराठी माणसास वाटावे की पाटी लिहिणाऱ्याचीच काही चूक झाली असेल, तर त्यास काय म्हणावे?

याहून गंभीर शब्द ‘सामर्थ्यम्’ हा आहे. होडीत जास्तीत जास्त किती माणसे बसावीत, हे सांगताना तेलुगूत ‘प्रयाणिकुल सामर्थ्यम्’ असे लिहितात, म्हणजे प्रवासी-क्षमता. मराठी वाचकाला त्यात सामर्थ्य दिसते, मर्यादा दिसत नाही. होडीच्या नोंदणीत जीव वाचविणारा आकडा कोणता असेल तर तो हाच.

केरळातील तानूर येथे 7 मे 2023 रोजी पर्यटकांची एक नौका उलटली आणि 22 जण बुडाले. मासेमारीची होडी फिरवून तिची पर्यटकांसाठी नौका केलेली होती आणि तीत माणसे क्षमतेपेक्षा जास्त होती. गोदावरीवर कच्चुलूरु येथे 15 सप्टेंबर 2019 रोजी जी नौका बुडाली, तीत तेलंगणातले पुष्कळ प्रवासी होते. म्हणून ‘घरचीच तर होडी, तिला कसली नोंदणी?’ असे म्हणणाऱ्या आपल्या बांधवांशी मी सहमत नाही. नोंदणीआधी तपासणी होते, होडीला क्रमांक मिळतो, तो दिसेल असा लावावा लागतो. हे सारे योग्यच आहे. मागणी एवढीच की, ज्याला हे पाळायचे आहे त्याला ते कळावे.

कायद्याने नदीच्या बाबतीत एक मोठी गोष्ट केली आहे. 1917 च्या जुन्या कायद्याच्या मूळ नावात ‘वाफेच्या नौका’ असा शब्द होता, इतका तो जुना. त्याच्या जागी अंतर्देशीय जलयान अधिनियम, 2021 आला. आता एका राज्यात झालेली नोंदणी सर्व राज्यांत ग्राह्य आहे. पैनगंगेवरील होडीच्या दृष्टीने याचे मोल मोठे आहे. या नदीचा अलीकडचा काठ आदिलाबादचा आणि पलीकडचा यवतमाळचा. होडी वळवायला म्हणून मध्यावर नेली तरी राज्य बदलते. चनाखा-कोरटा बंधाऱ्याचा करार दोन्ही राज्यांनी 2016 मध्ये केला तोही याच सामाईक पाण्यासाठी. होडीपुरती सीमा पुसली गेली; अर्जाच्या भाषेपुरती ती राहिली.

मग उपाय काय? आपल्यातील काही विद्वान लगेच ‘यंत्रनोदित जलयान’ वगैरे शब्द घडवू लागतील, याची मला धास्ती वाटते. तेलुगू वृत्तपत्रे इंजिनाच्या होडीला ‘मर पडव’ म्हणतात. मर म्हणजे यंत्र, पडव म्हणजे होडी, संपले. आपल्याकडे डोंगा आहे, होडी आहे, नाव आहे, कोकणात पडावही आहे. ‘इंजिनाची होडी’ म्हटल्याने कायद्याचा कोणताही भंग होत नाही. ‘मालकाचे नाव (पावतीप्रमाणे)’ आणि ‘जास्तीत जास्त किती माणसे’ अशा साध्या ओळी तेलुगू मजकुराखाली देवनागरीत छापाव्यात. तेलुगू हटवा असे कोणी म्हणत नाही, म्हणूही नये. ती या राज्याची भाषा आहे आणि आपल्या मुलांनी ती नीट शिकलीच पाहिजे.

ही मागणी म्हणजे भीक नव्हे. जिल्ह्यात किंवा त्याखालच्या विभागात ज्या भाषेचे लोक किमान 15 टक्के असतील, त्या भाषेत महत्त्वाचे नियम व सूचना द्याव्यात, हे भाषिक अल्पसंख्याकांच्या संरक्षणाचे 1956 पासूनचे मान्य धोरण आहे. बेला, जैनदकडील गावांत फिरून यावे म्हणजे मराठीचे बळ डोळ्यांनी दिसेल. शिवाय राज्यघटनेच्या अनुच्छेद 350 प्रमाणे गाऱ्हाण्याच्या निवारणासाठी कोणत्याही अधिकाऱ्याकडे संघराज्यात वा राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत निवेदन देता येते. आपण हा अनुच्छेद शाळा आणि शिक्षकांच्या प्रश्नांवर उगाळून उगाळून झिजविला. होडीसाठी, विहिरीच्या मोटारीसाठी, दुकानाच्या परवान्यासाठी कधी वापरला नाही. चळवळीचा हा दोष माझ्याही पदरी आहे.

काकूंचा दुसरा अर्ज मी त्यांच्याजवळ बसून भरला. त्यासोबत एक स्वतंत्र निवेदन मराठीत जोडले, त्यात वरचे तीन शब्द आणि त्यांचे दोन्ही भाषांतील अर्थ लिहिले. होडीचा क्रमांक आला आहे. निवेदनाचे उत्तर अजून यायचे आहे. काकूंनी मात्र वाट पाहिली नाही. क्रमांकाखाली त्यांनी रंगाऱ्याकडून ठळक देवनागरीत लिहून घेतले : ‘सहा माणसे. जास्त नाही.’